सहदेवभाऊंचा नवा आवाज

अकोल्यात एक काळ असा होता की रविवारी सकाळी नळ आले नाहीत तरी लोक चालवून घ्यायचे, पण केबलवरचं ‘काय हाय हे?’ चुकलं तर घरात कुरबुर व्हायची. गावच्या वाहिनीवरचा हा अर्ध्या तासाचा कार्यक्रम. बाजारात नवं काही यंत्र आलं की ते कसं वापरायचं, हे त्यात सांगायचे. सांगणारा माणूस एकच, सहदेव म्हैसने.

सहदेवभाऊ मूळचे दुकानातले. टीव्ही, मिक्सर, पंखे विकायचं काम. एकदा कपडे धुण्याचं यंत्र घ्यायला आलेल्या म्हातारीला ते समजावत होते, “आजी, हे यंत्र म्हंजे तुमची सून समजा. एकडाव काम सांगून द्या, अन् मंग मधात मधात झाकन उघडून पाहू नका.” म्हातारी पदर तोंडाला लावून हसली. तिच्या मागे केबलचं जाळं चालवणारे ओमप्रकाश उभे होते. ते म्हणाले, “सहदेवभाऊ, तुम्ही दुकानात काय करून राहिले? टीव्हीत या.”

तेव्हापासून ते टीव्हीतच होते. कॅमेरा अब्दुल गफ्फारचा. गफ्फारभाई आधी लग्नांचं शूटिंग करायचे. दोघं मिळून अकोट, बार्शीटाकळी, कधी पार चांदूर बाजारपर्यंत जायचे. स्टुडिओ नाही, टेबल नाही, कोट नाही. यंत्र घ्यायचं आणि कोणाच्या तरी घरी, नाहीतर बाजारात, नाहीतर शेतात जाऊन उभं राहायचं. मोबाइल आला तेव्हा मोबाइल, एटीएम आलं तेव्हा एटीएम, छपरावरच्या अँटेनाऐवजी टीव्हीखालची सेट-टॉपची डबी आली तेव्हा ती डबी. सहदेवभाऊंचा नियम एकच. स्वतःचे हात ते पाठीमागे बांधून ठेवायचे. “बटन मी दाबलं तं मले येईन. तुमाले काय येईन?” असं म्हणून समोरच्याकडूनच सगळं करून घ्यायचे. कोणी घाबरलं की म्हणायचे, “भेवाचं काई नाई. बिघडलं तं बिघडलं, आपन काय लगन लावून रायलो काय त्याच्याशी?”

आणि आवाज! रुंद, थोडा खरबरीत, पोटातून आलेला. गॅसचा नंबर लावायला फोन केला तर पलीकडची मुलगी विचारायची, “सहदेवभाऊ बोलता का जी?” त्या आवाजाचा त्यांना अभिमान होता आणि त्यांनी तो लपवलाही नाही. शूटिंगच्या मधल्या वेळात गफ्फारभाईंबरोबर बिडी ओढताना ते म्हणत, “बिडीनंच तं जरा जाड केला त्याले.”

त्या हिवाळ्यात घसा बसला तो बसलाच. आधी लोकांना ते आवडलं. आवाजाला वजन आलं म्हणाले. सहदेवभाऊ हळद-दूध पीत राहिले, धुळीला नावं ठेवत राहिले. त्यांची बायको शकुन हिचं आयुष्य अंगणवाडीत गेलेलं. लेकराचा खोकला नुसता ऐकून ती सांगायची की हे दवाखान्यात न्यायचं की घरीच बरं होईल. एका सकाळी चहा देताना ती म्हणाली, “हा निस्ता बसलेला घसा नाई. हा दुसराच काई परकार हाय. उद्या नागपूरले चाला.”

नागपूरच्या डॉक्टरांनी गोड शब्दांत पण स्पष्ट सांगितलं. स्वरयंत्राला कर्करोग होता. जीव वाचायचा तर स्वरयंत्र काढावं लागणार. मग श्वास नाकातून नाही, गळ्याला केलेल्या छिद्रातून घ्यायचा. खाता-पिता येईल. बोलता येणार नाही, निदान आजवर बोलत आलात तसं तरी नाही.

ऑपरेशनच्या दिवशी सकाळी शकुन खाटेशेजारी बसली होती. तिला वाटलं, हे काही मोठं बोलतील. सहदेवभाऊंनाही तसंच वाटत होतं. पण तोंडातून निघालं भलतंच. इन्व्हर्टरच्या बॅटरीत साधं पाणी टाकू नको, दुकानातून बाटली आण. मागच्या खोलीतल्या पंख्याचा तिसरा नंबर लागत नाही, चौथा लाव. गीझरचं बटण आधी बंद, मग नळ. तासभर ते असंच बोलत राहिले. शकुन ‘हो, हो’ म्हणत राहिली. आत न्यायला माणसं आली तेव्हा त्यांचं वाक्य अर्धंच राहिलं होतं, गॅसच्या नळीबद्दलचं.

त्यानंतरचे कित्येक दिवस पाटी-लेखणीचे. जखम भरली, नाकातली नळी निघाली, पातळ भात घशाखाली उतरू लागला. गळ्यासमोर जाळीचा रुमाल बांधायची सवय झाली. सकाळच्या फोडणीचा वास येईना, कारण वारा नाकातून जातच नव्हता, आणि गरम चहावर फुंकर मारता येईना. या गोष्टी त्यांना कोणी आधी सांगितल्या नव्हत्या, म्हणून त्या जास्त लागल्या.

दवाखान्यात बोलायला शिकवणाऱ्या बाई होत्या. त्यांनी एक यंत्र दिलं. बॅटरीचं, हातात मावणारं, एखाद्या जाड टॉर्चसारखं. त्याचं तोंड गळ्याला टेकवायचं, बटण दाबायचं आणि ओठ हलवायचे. यंत्र थरथरतं आणि त्या थरथरीचे तोंडात शब्द होतात. आवाज म्हणाल तर भुंगा डब्यात कोंडल्यासारखा, चढ नाही, उतार नाही.

बाई म्हणाल्या, “एक सांगून ठेवते. यात ‘ह’ नीट येत नाही. त्याला श्वास लागतो. तुमचं नाव म्हणून पाहा.”

सहदेवभाऊंनी यंत्र टेकवलं. निघालं ते “सादेव.”

त्यांनी पाटी ओढून घेतली आणि लिहिलं, ‘माही माय जन्मभर सादेवच म्हनत होती. आमच्या वऱ्हाडात ‘ह’वाचून कोनाचं अडत नाई.’ बाई मनापासून हसल्या. त्या दिवशी सहदेवभाऊंना वाटलं, जमेल हे.

घरी आल्यावर मात्र जमलं नाही. आरशासमोर उभं राहून ते गळ्यावर जागा शोधत. यंत्र बोटभर इकडे झालं की नुसतीच गुणगुण, तिकडे झालं की शब्द फाटलेला. ऑपरेशननंतरच्या किरणोपचारानं मानेचं कातडं ताठ झालेलं. आयुष्यभर लोकांना यंत्रं सोपी करून देणाऱ्या माणसाला वीतभर लांबीचं एक यंत्र दाद देईना. शकुनसमोर त्यांनी वाक्य म्हटलं की ती सरळ सांगायची, “नाई समजलं. पुन्यांदा म्हना.” ती बोबड्या लेकरांच्या तालमीतली बाई. समजल्याचं सोंग तिला येत नव्हतं. चौथ्यांदा ‘पुन्यांदा’ ऐकल्यावर सहदेवभाऊंनी यंत्र कपाटात कपड्यांखाली सारलं आणि पाटीवर लिहिलं, ‘बस झालं.’

भेटायला येणारे कमी झाले. आलेला माणूसही पाटी पाहून, का कोण जाणे, स्वतःच हळू बोलायला लागायचा, काही जण तर हातवारे करायचे, जणू यांचे कानही गेलेत. फक्त गफ्फारभाई नेहमीसारखे यायचे, अंगणातल्या खुर्चीवर बसून बाजारातलं सगळं सांगायचे. त्यांनी बिडी सोडली होती, पण ते त्यांनी सांगितलं नाही. सहदेवभाऊंनीच ताडलं.

असेच एकदा ओमप्रकाश आले. हातात फोन, चेहऱ्यावर हसू. “सहदेवभाऊ, डोळे बंद करा,” म्हणाले आणि फोनवर बोट टेकवलं.

“नमस्कार मंडळी, मी सहदेव म्हैसने. आज आपन पाहू, काय हाय हे!”

तोच आवाज. रुंद, खरबरीत, पोटातला. स्वयंपाकघरातून शकुन धावत आली. हात कणकेनं भरलेले. तिनं आधी नवऱ्याच्या तोंडाकडे पाहिलं. ओठ बंद होते. मग तिनं फोन पाहिला. ती आत गेली, आणि बराच वेळ आतून पोळ्या लाटल्याचा आवाज आला नाही.

ओमप्रकाशांनी समजावून सांगितलं. कार्यक्रमाचे जुने भाग संगणकाला ऐकवले होते. त्यावरून त्यानं आवाज बनवला. आता सहदेवभाऊंनी फोनवर फक्त लिहायचं, फोन त्यांच्याच आवाजात बोलेल. “कार्यक्रम बंद कायले ठेवायचा? लोक विचारून राहिले.”

सहदेवभाऊंनी ते वाक्य पुन्हा पुन्हा वाजवायला लावलं. त्यांचे डोळे भरून आले होते आणि ते लपवायचंही त्यांना सुचलं नाही. पाटीवर त्यांनी मोठ्या अक्षरात ‘हो’ लिहिलं.

रात्री जेवताना शकुन म्हणाली, “आवाज तुमचाच हाय, नाई म्हनत नाई. पन त्यानं मले हाक मारली तं मी ओ देईन का नाई, ते नाई सांगता येत.” सहदेवभाऊंनी तिच्या ताटात पोळी वाढली.

पहिलं शूटिंग बार्शीटाकळीच्या आठवडी बाजारात ठरलं. विषय होता, बोललेलं ऐकून उत्तर देणारा फोन. निघताना शकुननं कपाटातून ते यंत्र काढलं आणि त्यांच्या सदऱ्याच्या खिशात घातलं. सहदेवभाऊंनी कपाळाला आठी घातली. ती म्हणाली, “असू द्या. फोनची बॅटरी उतरली तं मुक्यावानी उभे रायसान काय बाजारात?”

बाजारात तानुबाई भेटणारच होत्या. घरच्या मळ्यातला भाजीपाला आणून विकायच्या. इलेक्ट्रॉनिक काट्यावर वजन करायला सहदेवभाऊंनीच त्यांना कधीकाळी कार्यक्रमात शिकवलेलं, आणि तेव्हापासून त्या त्यांना हक्कानं एक जुडी जास्त द्यायच्या. सहदेवभाऊंच्या गळ्यावरचा रुमाल त्यांनी पाहिला आणि गोणपाट झटकून बसायला दिलं.

गफ्फारभाईंनी कॅमेरा लावला. खांद्याला अडकवलेल्या स्पीकरमधून सहदेवभाऊंचा जुना आवाज बाजारात घुमला, “नमस्कार मंडळी!” आजूबाजूची माणसं वळून पाहू लागली. काहींनी लगेच ओळखलं आणि हात हलवले. सुरुवात छान झाली.

मग सहदेवभाऊंनी नेहमीप्रमाणे हात पाठीमागे बांधले, आणि लगेच सोडले, कारण लिहायचं होतं. त्यांनी लिहिलं, स्पीकर बोलला, “तानुबाई, या फोनले काईबी विचारा.”

तानुबाईंनी हातात दिलेला तो दुसरा फोन तोंडासमोर धरला, अगदी वेफर खाल्ल्यासारखा, आणि ओरडून विचारलं, “सांभाराले कीड लागली, काय करू?”

आता वऱ्हाडात सांभार म्हणजे कोथिंबीर, हे फोनला कोण सांगणार? तो मंजुळ आवाजात म्हणाला, “सांबार बनवण्यासाठी तुरीची डाळ स्वच्छ धुऊन घ्या. त्यात चिंचेचा कोळ…”

“आवं बाई,” तानुबाई फोनला म्हणाल्या, “मी कीड म्हनून रायली, तू फोडनी काय सांगतं?”

भोवतीची माणसं खो-खो हसली. सहदेवभाऊंचेही खांदे हलायला लागले. त्यांच्या डोक्यात तत्काळ एक वाक्य आलं होतं, जिभेच्या टोकावर. ते लिहायला लागले. एक अक्षर चुकलं, पुसलं, पुन्हा लिहिलं. तोवर हसणं ओसरलं. तानुबाई दुसऱ्या गिऱ्हाइकाला वांगी मोजून देऊ लागल्या. आणि मग, सगळं शांत झाल्यावर, स्पीकर एकटाच घुमला. वाक्य विनोदाचं होतं, पण त्याची वेळ निघून गेली होती. कोणी हसलं नाही.

तानुबाई वळून म्हणाल्या, “आज हे काय चालू हाय भाऊ? एक फोन माह्या हातात बोलून रायला, एक तुमच्या खांद्यावर. मानूस तं कोनीच बोलत नाई.”

त्यांनी पुन्हा फोन तोंडाशी धरला, जरा चढ्या सुरात विचारलं, “सांभार! सांभाराची कीड!” आणि फोन पुन्हा म्हणाला, “सांबार मसाल्यासाठी धणे भाजून घ्या.”

सहदेवभाऊंचा हात खिशाकडे कधी गेला ते त्यांचं त्यांनाही कळलं नाही. यंत्र गळ्याला लागलं. या वेळी जागा बरोबर सापडली.

“कोथिंबीर म्हना त्याले,” त्या कोंडलेल्या भुंग्याच्या आवाजात ते म्हणाले. “पुन्याचा दिसते.”

तो आवाज कुठून आला, ते लोक पाहू लागले. आणि मग जे हसू फुटलं, ते मघापेक्षा मोठं होतं. पलीकडच्या केळीवाल्यापर्यंत गेलं. एकजण यंत्राची नक्कल करायला लागला, पण त्याच्याकडे कोणी लक्ष दिलं नाही. तानुबाई हातातली वांगी खाली ठेवून जवळ आल्या होत्या.

“हे काय हाय जी?”

“माजा आवाज,” सहदेवभाऊ म्हणाले. “पयला गेला. डॉक्टरनं काढला. आता हा.”

“पाहू मले.” तानुबाईंनी हात ओला होता तो लुगड्याला पुसला आणि यंत्र घेतलं. “सेल लागते का बॅटरी? पाऊस लागला तं? झोपीत कसं करता? दुखते काय गळ्याले?”

सहदेवभाऊंनी खांद्यावरचा स्पीकर उतरवून गोणपाटावर ठेवला. यंत्र परत घेऊन ते एकेका प्रश्नाचं उत्तर देऊ लागले. शब्द अडला तर थांबत, पुन्हा म्हणत. तानुबाई मधेच “नाई समजलं” म्हणायच्या, अगदी शकुनसारख्या, आणि इथे त्याचा राग येत नव्हता. शेवटी त्यांनी यंत्र तानुबाईंच्या गळ्याला टेकवलं, स्वतःचा मोकळा हात पाठीमागे नेला आणि डोळ्यांनीच खुणावलं, दाबा बटण. त्या दचकून “अगा बापा!” म्हणाल्या ते दोन आवाजांत एकदम निघालं.

गफ्फारभाईंनी कॅमेरा बंद केलाच नव्हता. जीपमध्ये बसल्यावर ते इतकंच म्हणाले, “सहदेवभाऊ, आज का एपिसोड हो गया. फोनवाला फिर कभी कर लेंगे.”

ओमप्रकाशांना ते पटेना. त्यांनी सगळं पाहिलं, पंखा वाढवला, पुन्हा पाहिलं. “लोक नाश्ता करत राहतात ना त्या वेळी,” ते म्हणाले. “गळ्याचं छिद्र, तो आवाज… बरं दिसेल का? आपल्याकडे तुमचा असली आवाज आहे, तो लावू वरून.”

सहदेवभाऊंनी यंत्र टेकवलं. “असली आता हाच आय,” ते म्हणाले. मग फोनकडे बोट दाखवून, “तो आवाज चांगला आय. ठेवा. जाहिरात वाचाले, कार्यक्रमाचं नाव सांगाले कामी येईन. पन मानसाशी बोलाचं अशीन तं मी बोलीन. कोनाले समजलं नाई तं तो विचारीन.”

ओमप्रकाश भले माणूस. त्यांनी रविवारी तो भाग तसाच लावला, खाली अक्षरं मात्र टाकली. दोन-तीन फोन तक्रारीचे आले. बाकीच्यांनी सांभाराची कीड जाण्यासाठी काय करावं, याचे उपाय कळवले.

एक फोन अकोटहून होता. शालू नावाच्या बाईचा. तिचा नवरा गोवर्धन कापसाच्या जिनिंगमध्ये फिटर होता. त्याचंही हेच ऑपरेशन होऊन बराच काळ लोटला होता, आणि तेव्हापासून तो घराबाहेर पडला नव्हता. दवाखान्यातून मिळालेलं यंत्र खोक्यातच होतं. “जिनिंगच्या मोठ्ठ्या मोठ्ठ्या मशिनी खोलून बसवत होता,” ती म्हणाली. “अन् हे एवढुसं खोलून पाहत नाई. टीव्ही पाहताना मातर उठून बसला.”

सहदेवभाऊ दुसऱ्याच दिवशी अकोटच्या एसटीत बसले. शकुन बरोबर होती. कंडक्टरला तिकीट मागताना त्यांनीच यंत्र लावलं. कंडक्टर दचकला, मग म्हणाला, “अरे, बाजारातले भाऊ!” आणि पुढच्या सीटवरच्या लोकांना वळून सांगू लागला.

गोवर्धन भिंतीला टेकून बसला होता. उंच, हाडापेरानं मजबूत, गळ्याला मफलर घट्ट गुंडाळलेला. सहदेवभाऊ त्याच्यासमोर बसले. त्यांनी कार्यक्रमात म्हणायचे तसलं काहीच म्हटलं नाही. भेवाचं काई नाई, हे तर मुळीच नाही. त्यांनी स्वतःचा रुमाल काढून छिद्र दाखवलं, मग खुणेनं गोवर्धनला मफलर काढायला सांगितला. गोवर्धननं दाराकडे पाहिलं. शकुननं उठून दार लोटून घेतलं.

“मले घरी जमत नव्हतं,” सहदेवभाऊ म्हणाले. “लई राग आला. कपाटात टाकलं.”

गोवर्धननं मान हलवली. हे त्याला समजत होतं.

मग दोघं जागा शोधू लागले. गोवर्धनची मानही ताठ झालेली. हनुवटीखाली जमेना, जबड्याच्या बाजूला जमेना. गालावर टेकवून पाहिलं तर थोडंसं फुटलं. मेकॅनिकचा हात होता, एकदा जागा कळल्यावर तो हलला नाही. शालू मधेच चहा घेऊन आली आणि कप हातात धरून दारातच उभी राहिली. तिला जवळ यायचं भेव वाटत होतं, की आपण आलो तर हे थांबतील.

“या, वैनी,” सहदेवभाऊ म्हणाले. “चा द्या. तोंड कोरडं पडलं की जमत नाई.”

गोवर्धननं चहाचा घोट घेतला. कप खाली ठेवला. यंत्र गालाला लावलं, डोळे मिटले आणि ओठ हलवले.

“नाई समजलं,” शकुन म्हणाली. “पुन्यांदा.”

त्यानं पुन्हा म्हटलं. आणि या वेळी सगळ्यांना समजलं.

“चा फिका झाला.”

शालूनं कपाळावर हात मारला. “अवो, एवढ्या दिसानं तोंड उघडलं, अन् काय बोलला तं हे!” ती हसत होती आणि पदरानं डोळे पुसत होती, दोन्ही एकदम. मग तिनं सगळ्यांचे कप उचलले आणि साखर घालायला आत गेली. आतून तिनं विचारलं, “किती टाकू?” आणि बाहेरून दोघांनी आपापलं यंत्र उचललं.